चाल कुणाची, पैसे कुणाचे?

बीटल्सच्या चाहत्यांत एकेकाळी ‘इंडियन रोप ट्रिक’ नावाची एक चोरटी तबकडी फिरत होती. कलावंताला पत्ता नाही, कंपनीची परवानगी नाही. कुठून कुठून हाती लागलेली ध्वनिमुद्रणं एकत्र करायची आणि गुपचूप विकायची, असा तो धंदा. त्या तबकडीवर जॉन लेननचं म्हणून एक गाणं होतं. पियानो, जरा नाकातला आवाज, अर्थ हाताला लागतोय म्हणेस्तोवर निसटून जाणारे शब्द.

ते लेननचं नव्हतं. नील इनिस नावाच्या इंग्रज गीतकाराचं होतं. एप्रिल १९७७ मध्ये ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या अमेरिकी विनोदी कार्यक्रमात त्यानं ते उघडपणे, लोकांना हसवण्यासाठी गायलं होतं. गाण्याचं नाव ‘चीज अँड अनियन्स’. कुणीतरी ते टीव्हीवरून उतरवून घेतलं आणि लेननच्या नावावर चढवलं.

लेननचा उसासासुद्धा ओळखणारे लोक असल्या तबकड्या घेत. त्यांच्या कानांसमोर हे गाणं लेननचं म्हणून ठेवता आलं. विनोदासाठी केलेल्या संगीताला याहून मोठी पावती मला माहीत नाही.

नक्कल हा शब्द आपण फार हलक्या हातानं वापरतो. ‘नुसती नक्कल तर आहे’ म्हणतो आणि पुढे जातो. त्या ‘नुसती’ला माझा विरोध आहे, म्हणून आज रटल्स.

*

२२ मार्च १९७८. अमेरिकेतल्या एनबीसी वाहिनीनं ‘ऑल यू नीड इज कॅश’ नावाचा खास कार्यक्रम दाखवला. पाच दिवसांनी बीबीसी टूवर तो ब्रिटननं पाहिला. विषय होता ‘द रटल्स’ नावाचा बँड. लिव्हरपूलची चार पोरं, एकसारखे केस, एकसारखे कोट, किंचाळणाऱ्या मुली, अमाप पैसा, मग कज्जे आणि फारकत. नावं वेगळी, गोष्ट बीटल्सची. बांधणी अस्सल माहितीपटाची: हातात माईक घेतलेला वार्ताहर, जुनाट दिसणारी कृष्णधवल चित्रं, जाणकारांच्या मुलाखती. खोट्या माहितीपटांत सगळ्यांत गाजलेला ‘धिस इज स्पायनल टॅप’ यायला तेव्हा अजून सहा वर्षं होती.

लेखन ‘माँटी पायथन’ मंडळीतल्या एरिक आयडलचं. दिग्दर्शन त्याचं आणि गॅरी वाइसचं. पॉल मॅकार्टनीच्या जागचा डर्क मॅक्क्विकली तोच, आणि माईकवाला वार्ताहरही तोच. लेननच्या जागी रॉन नॅस्टी, म्हणजे आपला नील इनिस. जॉर्ज हॅरिसनच्या जागी स्टिग ओ’हारा, तो रिकी फतार. दक्षिण आफ्रिकेतल्या डर्बनचा, काही काळ बीच बॉइजबरोबर वाजवलेला. रिंगोच्या जागी बॅरी वॉम, तो ड्रमर जॉन हॉल्सी.

अमेरिकेत कार्यक्रम आपटला. त्या आठवड्यातल्या रात्रीच्या मुख्य कार्यक्रमांत तो अगदी तळाला राहिला. ब्रिटननं त्याला जवळ केलं. प्रेक्षकसंख्येबद्दल याहून जास्त लिहायची मला गरज वाटत नाही. तळाला राहिलेल्या त्या कार्यक्रमाची गाणी आज लोकांना पाठ आहेत.

*

याचं मूळ एका फार छोट्या जागेत आहे. रटलंड हा इंग्लंडच्या ऐतिहासिक परगण्यांतला सगळ्यांत लहान. १९७४ मध्ये सरकारनं तो शेजारच्या लेस्टरशरमध्ये मिसळून टाकला. १९९७ मध्ये त्याला त्याचा स्वतंत्र कारभार परत मिळाला. नकाशावरून पुसलेल्या या परगण्याचं स्वतःचं टीव्ही केंद्र असतं तर कसं असतं, या कल्पनेवर आयडलनं १९७५-७६ मध्ये बीबीसी टूसाठी ‘रटलंड वीकेंड टेलिव्हिजन’ केलं. पैसा इतका थोडा होता की चणचण हाच विनोदाचा विषय झाला. गाणी इनिसची. त्यातल्याच एका तुकड्यात रटल्स पहिल्यांदा दिसले. १९७५ च्या नाताळच्या भागात खुद्द जॉर्ज हॅरिसन पाहुणा होता. तो गाणं म्हणायचं सोडून आपल्याला समुद्री चाच्याचंच काम हवं, असा हट्ट धरून बसतो. अर्थात ठरवूनच.

तिकडे न्यूयॉर्कमध्ये बीटल्सनी पुन्हा एकत्र यावं म्हणून कोट्यवधी डॉलरच्या बोली लागत होत्या. ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’चा निर्माता लॉर्न मायकल्स २४ एप्रिल १९७६ रोजी कॅमेऱ्यासमोर बसला आणि म्हणाला, या, तीन गाणी म्हणा, तीन हजार डॉलर घेऊन जा. ऑक्टोबरमध्ये त्याच कार्यक्रमात आयडल यजमान म्हणून गेला, तेव्हा बीटल्सऐवजी रटल्सचा तुकडा दाखवला गेला. तो लोकांना आवडला. त्यातून पूर्ण लांबीच्या कार्यक्रमाला मायकल्सनं हात दिला.

*

कार्यक्रमातला विनोद एका साध्या युक्तीवर चालतो. घडलेली गोष्ट जशीच्या तशी ठेवायची, फक्त एक वस्तू बदलायची.

बॉब डिलननं बीटल्सना गांजाची ओळख करून दिली, ही सर्वश्रुत गोष्ट. रटल्सच्या गोष्टीत डिलन त्यांना चहाची ओळख करून देतो. पुढचं सगळं तसंच: चहानं आयुष्य बदलणं, चहानं संगीत बदलणं, चहा घेतल्याची जाहीर कबुली, वर्तमानपत्रांचा गहजब. न्यूयॉर्कच्या शे स्टेडियममधला बीटल्सचा कार्यक्रम प्रसिद्ध आहे. रटल्सचा कार्यक्रम होतो तो चे गव्हेराच्या नावाच्या चे स्टेडियममध्ये, आणि गर्दी टाळायला ते हेलिकॉप्टरनं एक दिवस आधीच येतात, म्हणजे प्रेक्षक जमायच्या आत निघून जाता येईल. लेननच्या येशूबद्दलच्या विधानावरून अमेरिकेत तबकड्या जाळल्या गेल्या होत्या. नॅस्टी खुलासा करतो की मी ‘गॉड’ म्हणालोच नव्हतो, ‘रॉड’ म्हणालो होतो. गायक रॉड स्टुअर्टबद्दल बोलत होतो, ऐकणाऱ्याला कमी ऐकू येतं.

आपल्याला जवळचा तुकडा ऋषिकेशचा. १९६८ मध्ये बीटल्स महर्षी महेश योगींच्या आश्रमात येऊन राहिले. रटल्सना भेटतो आर्थर सुल्तान, इंग्लंडमधल्या सरे परगण्यातला गूढविद्येचा जाणकार, आणि हिमालयाच्या पायथ्याऐवजी ते जातात बॉग्नॉर या इंग्रजी किनाऱ्यावरच्या गावी. हे बघताना मी सावध होतो. पाश्चात्त्य विनोदात साधू आला की तो भारतीयच असणार आणि त्याच्या उच्चारांवरच हशा पिकवला जाणार, हे आपण पुष्कळ सोसलंय. आयडलनं ते टाळलं. साधू इंग्रज केला, तीर्थक्षेत्रही इंग्रज केलं. त्यामुळे रोख सरळ त्यांच्यावर जातो, जे पैसा-प्रसिद्धी मिळाल्यावर कुणाच्याही पायाशी जाऊन बसायला तयार असतात. नेम कसा धरायचा हे या माणसाला ठाऊक होतं.

आणखी एक दृश्य. वार्ताहर चालत चालत बोलतोय, त्याचं चित्रण पुढच्या गाडीतून चाललंय. गाडीचा वेग हळूहळू वाढतो. वार्ताहर पावलं उचलतो, मग धावतो, बोलणं मात्र सोडत नाही, आणि गाडी त्याला मागे टाकून निघून जाते. टीव्हीच्या बातमीदारीवर मी यापेक्षा नेमकं काही पाहिलेलं नाही, आणि आपल्याकडे चोवीस तासांच्या बातम्या सुरू होऊन इतकी वर्षं झाल्यावर तर ते अधिकच नेमकं वाटतं.

या कार्यक्रमात मिक जॅगर आणि पॉल सायमन स्वतःच्याच नावानं येऊन रटल्सच्या आठवणी सांगतात. जॉन बेलुशी, डॅन अ‍ॅक्रॉइड, बिल मरे, गिल्डा रॅडनर अशी ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ची मंडळी आहेत. एवढी नावं बस झाली. मला बोलायचंय ते गाण्यांबद्दल.

*

आमच्या सोसायटीच्या गणपतीत गेल्या वर्षी एक गाणं फार रंगलं. जुन्या हिंदी सिनेमातल्या गाण्याचा कराओके ट्रॅक लावला आणि त्यावर पाण्याच्या टँकरबद्दलचे शब्द बसवले. शब्द चांगले होते. मीही मनापासून हसलो. विडंबनगीत म्हणजे आपल्या डोळ्यांपुढे हेच येतं: चाल तीच, शब्द वेगळे. आपल्या वाहिन्यांवरच्या विनोदी कार्यक्रमांतली गाणीही बहुतेक याच साच्याची असतात.

यात संगीताचं काम आधीच कुणीतरी करून ठेवलेलं असतं. हसू शब्दांतून येतं. सूर उसना असतो.

इनिसनं सूरही उसना घेतला नाही. शब्द त्याचे, चाल त्याची, स्वरजुळणी त्याची. घेतला तो फक्त स्वभाव. बीटल्स १९६३ मध्ये कसे गात, टाळ्या कुठे वाजत, दोन आवाज कुठे एकत्र येत आणि कुठे फुटत. १९६५ पर्यंत त्यात काय बदललं. १९६७ मध्ये तुताऱ्या, सारंगीसारखी तंतुवाद्यं आणि उलटी फिरवलेली ध्वनिफीत कशी शिरली. शेवटी सगळं कसं परत साधं, थकलेलं झालं. हा सगळा प्रवास त्यानं गाण्यागाण्यांतून पुन्हा चालून दाखवला.

आणि हे करताना बीटल्सच्या तबकड्या पुन्हा ऐकायच्या नाहीत, असं त्यानं ठरवलं. जे आठवतंय त्यातूनच लिहायचं. मला या निर्णयात त्याचं सगळं शहाणपण दिसतं. समोर मूळ गाणं ठेवलं असतं तर त्याच्या हातून कॉपी झाली असती. आठवणीत जे उरतं ते गाण्याचं हाड असतं. मांस-कातडं ज्याचं त्यानं चढवायचं. आपल्याकडे शागीर्द गुरूसमोर बसून वर्षानुवर्षं शिकतो आणि मग कधीतरी मैफलीत एखादी जागा अशी घेतो की श्रोते म्हणतात, अरे, हे तर बुवाच. त्यानं ती जागा घोकलेली नसते. ती त्याच्यात मुरलेली असते.

इनिसमध्ये बीटल्स मुरायला कारणही होतं. तो ‘बोंझो डॉग डू-डा बँड’मधला. या बँडनं १९६७ मध्ये बीटल्सच्याच ‘मॅजिकल मिस्टरी टूर’ या चित्रपटात एक गाणं सादर केलं होतं. पुढच्या वर्षी इनिसनं लिहिलेलं ‘आय अ‍ॅम द अर्बन स्पेसमन’ ब्रिटनमध्ये पाचव्या क्रमांकापर्यंत गेलं, आणि त्याची निर्मिती टोपणनावानं केली होती पॉल मॅकार्टनीनं. तो दारातून डोकावणारा चाहता नव्हता. त्याच घरात उठबस असलेला माणूस होता.

टीव्हीसाठी नट जमवून नुसते ओठ हलवून घेता आले असते. इनिसनं आधी बँड उभा केला. लंडनच्या हेन्डन भागात दोन आठवडे वादकांनी एकत्र तालीम केली, एका जागी घोटून घोटून खरा बँड झाला, आणि मग ध्वनिमुद्रण झालं. ते ऐकू येतं. जॉर्जच्या भारतीय वळणाच्या गाण्यांची आठवण करून देणारं एक गाणं आहे, ‘नेव्हरदलेस’. तबकडीच्या श्रेयनामावलीत सतार आणि तबला रिकी फतारच्या नावावर आहेत. साठच्या दशकात लंडनच्या पॉप संगीतात सतार चटणीसारखी तोंडी लावायला आली होती. रविशंकरांकडे बसून ती शिकायची धडपड जॉर्जनं केली. त्या दोन्ही गोष्टी, हौस आणि धडपड, त्या छोट्या गाण्यात ऐकू येतात.

एकूण गाणी वीस. चौदा तबकडीवर आली. विनोदी ध्वनिमुद्रणाच्या ग्रॅमीसाठी त्या तबकडीला नामांकन मिळालं. विनोदी! मला हा वर्गच पटत नाही. ‘लेट्स बी नॅचरल’ डोळे मिटून ऐका. त्यात हसण्यासारखं काहीही नाही. ते एक सुंदर, संथ गाणं आहे, एवढंच.

*

आपल्या जुन्या संगीत नाटकांची पुस्तकं उघडून पाहा. पदाच्या डोक्यावर ‘चाल’ असं छापून पुढे मूळ पदाचे सुरुवातीचे शब्द दिलेले दिसतात. ही चाल मी अमक्या पदावरून घेतली आहे, हे नाटककार सगळ्यांसमक्ष सांगतो. मला ही रीत फार आवडते. घेतलं ते घेतलं म्हणून लिहिलं.

इनिसला आपल्या गाण्यांच्या डोक्यावर असं काही छापायची गरज नव्हती, कारण चाल घेतलेलीच नव्हती. पण बीटल्सच्या गाण्यांचे हक्क होते एटीव्ही म्युझिक या कंपनीकडे. लेनन-मॅकार्टनींची प्रकाशनसंस्था ‘नॉर्दर्न सॉंग्ज’ १९६९ मध्ये एटीव्हीनं घशात घातली होती. ज्यांनी गाणी लिहिली त्यांच्याच हातून ती निसटली होती. त्या कंपनीनं इनिसवर दावा लावला. इनिसनं आपल्या चाली स्वतंत्र आहेत हे दाखवायला संगीततज्ज्ञ उभा केला. शेवटी प्रकरण कोर्टाबाहेर मिटलं. तबकडीवरच्या चौदाही गाण्यांच्या मानधनातला निम्मा वाटा सोडायचा, या अटीवर.

निम्मा! ज्या कंपनीनं एक सूर लिहिला नव्हता तिला निम्मा.

ज्यांची थट्टा झाली होती त्यांच्याकडे बघा. लेननला आधी गाणी ऐकवली होती. त्याला ती आवडली, आणि त्यानं एक मित्रत्वाचा सल्ला दिला: ‘गेट अप अँड गो’ हे गाणं माझ्या-पॉलच्या ‘गेट बॅक’च्या फार जवळ जातंय, सांभाळ. ते गाणं कार्यक्रमात राहिलं, तबकडीवरून मात्र काढलं. साम्य कुठे हद्द ओलांडतं हे लेननच्या कानाला कळलं होतं, आणि एकाच गाण्याबद्दल त्यानं इशारा दिला. कंपनीनं चौदांवर हात ठेवला, ज्यांत ते गाणं नव्हतंच. माझ्या मते या भांडणाचा निवाडा तिथेच झाला होता. लेननहून मोठा संगीततज्ज्ञ कुठल्या कोर्टात मिळणार होता?

१९८५ मध्ये एटीव्हीचा तो सगळा संग्रह मायकेल जॅक्सननं पावणेपाच कोटी डॉलरना विकत घेतला. गाणी अशी हातोहात फिरतात. लिहिणारा बाजूला उभा असतो.

कायद्याला विडंबन कळायला फार वेळ लागला. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं १९९४ मध्ये ‘टू लाइव्ह क्रू’ या रॅप गटाच्या खटल्यात सांगितलं की पैसे मिळवण्यासाठी केलेलं विडंबनही रास्त वापरात बसू शकतं. ब्रिटननं विडंबनासाठी कायद्यात वेगळी तरतूद केली ती थेट २०१४ मध्ये. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२ टीका आणि समीक्षा यांसाठी रास्त वापराची मुभा देतं. विडंबन हा शब्द तिथे नाही. केरळ उच्च न्यायालयानं १९९६ मध्ये तोप्पिल भासींच्या गाजलेल्या नाटकाला उत्तर म्हणून लिहिलेल्या प्रतिनाटकाच्या बाजूनं कौल दिला, तो याच मुभेचा आधार घेऊन. चांगला निकाल होता. पण दर विडंबनकारानं उच्च न्यायालयापर्यंत जायचं का? त्या कलमात एक शब्द वाढवायला हवा. आचार्य अत्र्यांच्या मराठीनं तरी तो मागायला हवा. ‘केशवकुमार’ या नावानं ‘झेंडूची फुले’ लिहिणाऱ्या अत्र्यांनी आपल्या काळच्या कवींची वळणं इतकी बारकाईनं उचलली की मूळ कविता पाठ असल्याशिवाय ते पुस्तक पुरतं कळत नाही. गडकऱ्यांना गुरू मानणारा माणूस तो. कवितेवर जीव असल्याशिवाय असं हसता येत नाही. आणि पेटीवर पु. लं.ची बोटं इतकी सहज फिरत होती, म्हणूनच गवयांवर त्यांनी केलेल्या विनोदाला गवईच सगळ्यांत आधी हसले.

*

जॉर्ज हॅरिसनकडे परत येतो.

रटल्सच्या कंपनीच्या इमारतीबाहेर एक वार्ताहर उभा आहे. पिकलेले केस, हातात माईक. तो कंपनीच्या प्रसिद्धी अधिकाऱ्याला विचारतोय की इथे चोऱ्या होतात म्हणे. अधिकारी, म्हणजे मायकेल पेलिन, छे छे म्हणतोय. पाठीमागून माणसं एकेक वस्तू उचलून बाहेर नेतायत. शेवटी वार्ताहराच्या हातातला माईकही जातो. तो वार्ताहर म्हणजे जॉर्ज.

हे दृश्य हसण्यासारखं आहे, आणि हसून झाल्यावर गप्प करणारंही. बीटल्सनी १९६८ मध्ये ‘अ‍ॅपल’ कंपनी काढली. तिच्या कारभारात पैसा असाच दारातून वाहून गेला. बेकर स्ट्रीटवरचं त्यांचं कपड्यांचं दुकान आठ महिन्यांत बंद झालं. शेवटी उरलेला माल लोकांना फुकट वाटला. मग भांडणं, वकील, कोर्ट. १९७८ मध्ये त्या जखमा जुन्या झाल्या नव्हत्या. आणि ज्याचं घर लुटलं गेलं तोच माणूस त्या लुटीच्या प्रहसनात आनंदानं उभा राहिला. बीटल्सच्या आयुष्यावर त्यांच्या जवळच्या नील अ‍ॅस्पिनॉलनं जमवत आणलेला, तेव्हा कुणी न पाहिलेला माहितीपटही आयडलला पाहायला मिळाला होता, म्हणून तर रटल्सची दृश्यं इतकी हुबेहूब आहेत. हे काम बोचरं आहे पण प्रेमानं केलेलं आहे, अशा अर्थाचं जॉर्ज पुढे बोलत राहिला. त्याच सुमारास पायथन मंडळींच्या ‘लाइफ ऑफ ब्रायन’चे पैसे ऐन वेळी आटले, तेव्हा आपली मालमत्ता गहाण ठेवून सिनेमा उभा करणाराही हाच.

बीटल्स झाल्याचं ओझं फार मोठं असणार. तिशीत असताना सगळं जग तुम्हाला तुमच्या विशीबद्दलच विचारतंय. जॉर्जला ते ओझं खाली ठेवायला जागा हवी होती, आणि ती त्याला या दोस्तांच्या थट्टेत मिळाली, असं मला वाटतं.

*

१९९४ च्या डिसेंबरात ओएसिस या बँडचं ‘व्हॉटेव्हर’ आलं. ओएसिस म्हणजे बीटल्सची भक्ती उघडपणे मिरवणारे. त्या गाण्यात इनिसच्या १९७३ च्या ‘हाउ स्वीट टू बी अ‍ॅन इडियट’ची चाल ऐकू येत होती. इनिसच्या बाजूनं हरकत घेतली गेली आणि त्याला सहलेखक म्हणून श्रेय मिळालं. या वेळी पैसे योग्य खिशात गेले याचा मला आनंद आहे. बीटल्ससारखं लिहिणाऱ्याला दंड, आणि मग त्याच्यासारखं लिहिणाऱ्यांकडून त्याला वाटा. या दोन्ही हिशोबांच्या मध्ये नील इनिस आयुष्यभर गात राहिला. रटल्सची गाणी तो अखेरपर्यंत वेगवेगळ्या वादकांबरोबर, छोट्या छोट्या सभागृहांत म्हणत असे. २९ डिसेंबर २०१९ रोजी, पंचाहत्तराव्या वर्षी, तो गेला.

अजून एकाचं नाव राहिलं. पॉलच्या वळणाची गाणी पडद्यावर एरिक आयडल म्हणताना दिसतो. ओठ आयडलचे आहेत, आवाज त्याचा नाही. ऑली हॉल्सल नावाच्या गिटारवादकानं बऱ्याच ठिकाणी तो आवाज दिला आणि गिटारही वाजवलं. हॉल्सल १९९२ मध्ये माद्रिदमध्ये गेला, त्रेचाळीस वर्षांचा असताना. कार्यक्रमात त्याला क्षणभराचं काम आहे. हॅम्बर्गच्या दिवसांतला लेप्पो, पाचवा रटल. निवेदक सांगतो की तो बहुतेक वेळ मागे नुसता उभा असायचा, आणि एके दिवशी एका जर्मन मुलीबरोबर मोठ्या पेटीत शिरला तो पुन्हा कुणाला दिसलाच नाही. कार्यक्रम कधी मिळाला तर त्या दृश्याशी जरा थांबा आणि मागे उभ्या असलेल्या त्या मुलाकडे बघा. पुढची गाणी तो गाणार आहे.